अम्मा कांड्या भरायची

आज दुपारी घडलेलं तुम्हाला सांगितल्याशिवाय राहवत नाही.

सोलापुरात एका शाळेत कापडधंद्याच्या इतिहासाचं प्रदर्शन भरलंय. अम्माला, म्हणजे माझ्या आईला, घेऊन गेले होते. आमचं घर विणकरांचं. वडील मागावर चादरी विणायचे आणि अम्मा पहाटेपासून रहाटावर सूत गुंडाळून त्यांना आडव्या धाग्याच्या कांड्या भरून द्यायची.

तिथे एक जुना फोटो होता: मागावर विणकर आणि शेजारी रहाटावर कांड्या भरणारी बाई. अम्माला मराठी वाचता येत नाही, म्हणून मी खालची ओळ वाचून दाखवली. 'विणकराला मदत करणारी पत्नी.'

"मदत?" अम्मा मोठ्यानं म्हणाली. "कांडी नसली तर माग चालतो व्हय?"

प्रदर्शन मांडणाऱ्या बाई शेजारीच होत्या. मला वाटलं, आता चिडणार. पण त्यांनी विचारलं, "मावशी, मग काय लिहू?"

अम्मानं फोटोतल्या बाईवर बोट ठेवलं. "कामगार लिवा की."

बाईंनी तिथल्या तिथं ओळ खोडली आणि लिहिलं, 'कांड्या भरणारी कामगार'. मग अम्माला तिथल्या रहाटापाशी बसवलं. तुटलेलं सूत कसं जोडायचं, ते ती शाळेतल्या एकेका मुलीचा हात धरून दाखवत होती.

मला मात्र माझी शाळा आठवली. शाळेच्या प्रत्येक फॉर्मवर आईच्या व्यवसायापुढे मी 'काही नाही' लिहिलं होतं. रिक्षात तिला ते सांगून टाकलं. ती हसली. "तवा मला तरी कुटं ठावं होतं?"

तुम्ही काय लिहायचात? आणि आज लिहायचं झालं तर काय लिहाल?