भाऊंचा मुद्देमाल

मुलांनो, आपल्या बोरिवलीच्या घराच्या वरच्या मजल्यावर राहणाऱ्या भाऊंइतका संशयी माणूस मी दुसरा पाहिला नाही. पाहिला असता, तर भाऊंनी त्याच्यावरही पाळत ठेवली असती. दूधवाल्यानं माप ओतलं, की ते थेंब बोटावर घेऊन उजेडात धरायचे. पोस्टमननं पाकीट दिलं, की आधी डिंकाची कड तपासायचे. मी बेल वाजवली, की आतून "कोण?" आणि मी नाव सांगितलं, की "कशावरून?" एवढं होऊन दार उघडलं, की मात्र चहा घेतल्याशिवाय सोडायचे नाहीत. तोही आधी स्वतः चाखून.

त्यांच्या मालवणकडच्या गावी त्यांच्या आईनं लावलेलं हापूसचं एक कलम होतं. दरवर्षी बहीण त्याची एक पेटी टेम्पोनं पाठवायची. टेम्पोवाले वाटेत आंबे बदलतात, असा भाऊंचा पक्का संशय. म्हणून ती बिचारी त्यांच्या हुकमावरून प्रत्येक आंब्याच्या देठाजवळ चुन्याचं बोट लावून पाठवायची. गिरण्यांचा संप होऊन गेल्यानंतरचा तो उन्हाळा. आई त्यांच्याकडेच अंथरुणाला खिळली होती. पेजसुद्धा नको म्हणायची. फक्त म्हणायची, "माझ्या कलमाचो एक आंबो दी."

आणि नेमक्या त्या वर्षी पेटी आणणाऱ्या टेम्पोत, पेट्यांखालच्या गवतात, चोरटी परदेशी घड्याळं सापडली. पोलिसांनी घड्याळांबरोबर पेट्याही जप्त केल्या.

"चोरी घड्याळांची ना? मग आंब्यांनी काय केलं?" भाऊंनी पोलीस ठाण्यात विचारलं.

"मुद्देमाल आहे, काका. कोर्टाचा हुकूम आणा," हवालदार म्हणाला.

मग भाऊ रोज ठाण्यामागच्या खिडकीशी जाऊन वास घेऊ लागले, आणि परतताना हवालदारांच्या मिशा न्याहाळू लागले. घरी येऊन मला सांगायचे, "वहिनी, आज वास फार गोड झालाय. आणि त्या जाड्याच्या मिशीला रस होता."

वकील केला, तर त्याचा अर्ज इंग्रजीत. "ह्यानं माझ्याच विरुद्ध लिहिलं असेल तर?" म्हणून अर्ज वाचायला मला कोर्टात नेलं. माल नाशवंत आहे, खटला संपेपर्यंत टिकणार नाही, म्हणून मालकाच्या ताब्यात द्यावा, एवढंच त्यात होतं.

"एवढंच? मग एवढा लांब कशाला?" भाऊ कुजबुजले.

मॅजिस्ट्रेटनी चष्म्यावरून पाहिलं. "आंबे तुमचेच, कशावरून?"

जन्मभर स्वतः विचारलेला प्रश्न भाऊंना पहिल्यांदाच कुणीतरी विचारत होतं. ते असे खुलले, की काय सांगू! चुन्याच्या बोटाची हकीकत सांगितली. पेटी उघडली, वरचा थर डागाळला होता, पण त्यातल्या प्रत्येक आंब्यावर बोट होतं. पंचनामा, फोटो झाले, आणि कोर्ट मागेल तेव्हा माल हजर करीन, असं भाऊंकडून लिहून घेऊन पेटी त्यांना मिळाली.

"साहेब, खाल्लेला आंबा हजर कसा करू?"

"बाठा ठेवा जपून," मॅजिस्ट्रेट म्हणाले. सगळं कोर्ट हसलं. भाऊ हसले नाहीत.

घरी पेटी उपसली. उशीर झाला होता. थरामागून थर काळा पडलेला, पाणी सुटलेला. अगदी तळाशी एकच धड आंबा निघाला. मी तो उचलला. खाली चोच असलेली सरळ सरळ पायरी होती ती, आणि देठाजवळ चुन्याचा मागमूस नव्हता. भाऊंचा संशय अखेर खरा ठरला होता. आता भाऊ बिल्डिंग डोक्यावर घेणार, असं मला वाटलं.

भाऊंनी आंबा माझ्या हातातून घेतला, देठ अंगठ्याखाली झाकला आणि आईच्या उशाशी बसले. "आये, तुझ्या कलमाचो."

आईनं तो सावकाश चोखला. "आपलोच रे झिला," ती म्हणाली, आणि डोळे मिटण्याआधी माझ्याकडे पाहून किंचित हसली.

त्या पावसाळ्यात ती गेली. खटल्याचं पुढे काय झालं, कोण जाणे. भाऊंच्या देवघराशेजारी फडक्यात बांधलेला बाठा मात्र वर्षानुवर्षं होता. एकदा मी म्हटलं, "आता टाका की तो, भाऊ."

"आणि कोर्टानं मागितला तर?" ते म्हणाले. मग खिडकीबाहेर बघत हळूच विचारलं, "वहिनी, त्या दिवशी तुम्ही देठ बघितला होतात?"

"नाही," मी म्हणाले.

"कशावरून?" असं त्यांनी विचारलं नाही.