गुणाजीच्या गळ्याची शपथ

आमच्या मरोळच्या घराच्या मागच्या खोलीत गुणाजी बावीस वर्षं भाडेकरू. मूळचा मालवणकडचा, साकीनाक्याला काचेवर चांदी चढवायच्या कारखान्यात कामाला. काच धुवायची, वर चांदीचं पाणी ओतायचं, सुकलं की मागून रंग मारायचा. अर्ध्या अंधेरीतल्या न्हाव्यांना या माणसाने आरसे पुरवले, पण स्वतःची मिशी कायम वाकडी! म्हणायचा, "आरसेवालो आरसो पाठसूनच बघता."

कारखाना बंद झाला त्या दिवशी उरलंसुरलं चांदीचं पाणी एका काचेवर ओतून त्याने शेवटचा आरसा केला आणि घरी आणून दारासमोर टांगला. मला हाक मारली, "सेबॅस्टियन, हय बघ रे जरा."

बघतो तर माझ्या तोंडाच्या जागी ताटभर डुकराच्या मटणाचं इंदियाल! आणि दिवस ईस्टरआधीच्या लेंटच्या उपासाचे, मटण बंद. मागे माझी बायको एमिलिया उभी. "वा रे भक्त! चर्चमध्ये डोळे मिटून हेच बघतोस काय?"

तर तो आरसा असा. आधी मनातलं दाखवायचा, आणि जरा जास्त वेळ उभं राहिलं की पुढे होऊ शकेल असं एखादं चित्र. होऊ शकेल, बरं का. होईलच असं नाही. आमचा नातू ग्लेनरॉय त्यात मेट्रो चालवताना दिसला. पोराने फॉर्मच भरला नाही, आज विमा विकतो. हे सगळं गुणाजीच्या डोळ्यांदेखत झालं, तरी तो ते विसरला.

कारण त्याला आरशात सुबोध दिसला.

सुबोध त्याचा एकुलता एक. बंगळुरूला नोकरी. एका वर्षी म्हणाला, रजा नाही, चतुर्थीला गावी येणार नाही. कोकणातल्या माणसाला हे सांगायचं म्हणजे! गुणाजी फोनवर ओरडला, "चतुर्थीक येवक नाय, तर परत ह्या दारात येव नको!" आणि तापलेल्या डोक्याने बायकोकडे वळला, "प्रेमा, त्याच्याशी बोललंस तर माझ्या गळ्याची शपथ हा!"

आता ही शपथ म्हणजे काय, तर मोडली की ज्याच्या गळ्याची असेल त्याचा जीव धोक्यात. ज्याने घातली त्यानेच "सुटली" म्हणायचं, तेव्हा सुटते. एका शब्दाचं काम. सहा वर्षं झाली, गुणाजी म्हणाला नाही. सुबोधचे फोन आले, प्रेमाने हातात धरून वाजू दिले.

आरशात गुणाजीला काय दिसलं? सुबोध बॅग घेऊन दारात उभा, आणि प्रेमा त्याच्यावरून भाकरतुकडा ओवाळून टाकतेय. झालं! गडी रोज आरशासमोर खुर्ची टाकून बसायला लागला.

एकदा प्रेमा केर काढता काढता आरशासमोर थांबली. तिच्या मनातलं आम्ही सगळ्यांनीच बघितलं. कानाशी धरलेला फोन, आणि गुणाजीच्या तोंडाकडे लागलेले डोळे.

मी म्हटलं, "अरे गाढवा, एक शब्द टाक ना!"

"कित्याक? माका दिसलो तो. येतलो आपसूक."

एमिलिया म्हणाली, "मी करते फोन."

प्रेमाने तिचा हात धरला. "नको गो. तुझ्या तोंडान मीच बोललंय, असा होतला."

मग एमिलियाने केला नाही. मीही केला नाही. मला तर शपथ नव्हती.

पावसाळ्यात प्रेमाला ताप आला, तो छातीत उतरला. चौथ्या दिवशी गुणाजी हॉस्पिटलमधून तिची चादर न्यायला घरी आला आणि सवयीने आरशासमोर उभा राहिला. दारात सुबोध तसाच उभा. पुढे ओवाळायला कोणी नाही.

चादर तिथेच टाकून तो पळाला. मी मागोमाग. खाटेशी वाकून तिच्या कानात ओरडला, "सुटली गो! प्रेमा, सुटली! कर फोन!" फोन तिच्या हातात दिला. बोटं मिटली नाहीत.

मग तो फोन मी केला.

दुसऱ्या दिवशी सुबोध आला. बॅग हातात, उंबऱ्याबाहेरच उभा. "बाबा, आत येऊ?" समोर आरसा होताच. त्यात त्याच्या मनातलं दिसलं. कानाला लावलेला फोन, वाजतोय, वाजतोय, पलीकडून कोणी उचलत नाही. गुणाजीने भिंतीकडे तोंड फिरवलं.

प्रेमाचं तेरावं झाल्यावर त्याने अ‍ॅसिड आणून आपल्या हाताने त्या आरशाची चांदी उतरवली. नुसती काच राहिली, ती दारात बसवून घेतली. आता तो आत बसून गल्लीकडे बघत असतो.

परवा सुबोध आला. बेल वाजायच्या आधीच गुणाजीने दार उघडलं. हातात भाकरीचा तुकडा, दुसऱ्या हातात तांब्या. ओवाळायचं कधी केलेलं नाही, सगळं पाणी पोराच्या बॅगेवर सांडलं. सुबोध मान खाली घालून उंबऱ्याबाहेर उभा राहिला, पुरं ओवाळून होईपर्यंत.