आजीने पुजलेलं जादूचं पुस्तक

माझ्या मुलीचं कौतुक मी जरा जास्तच करते, असं आमच्या बिल्डिंगमध्ये म्हणतात. म्हणोत बापडे. ज्यांच्या घरात कौतुक करण्यासारखं काही घडत नाही त्यांनी गप्प बसावं. माझ्याकडे घडलं, मी सांगणार.

तेव्हा ती सातवीत होती आणि तिच्या डोक्यात एक अख्खा देश होता. त्या देशात सूर्य आपणहून उगवत नाही. एक जाडजूड पुस्तक आहे, त्यातलं एक पान रोज पहाटे कोणीतरी मोठ्याने वाचायचं, मग उजाडतं. एक मुलगी ते पुस्तक सांभाळते आणि काळोखाची राणी ते कायमचं बंद करायला टपलेली असते. ही गोष्ट मला भाजी निवडताना, डबा भरताना, रिक्षात, अशी तुकड्यातुकड्यांनी ऐकायला मिळाली. शेवटी मीच म्हटलं, "अगं, मला एकटीला काय सांगतेस? नाटक कर ना." घाटकोपरच्या आमच्या बिल्डिंगच्या नवरात्रात दसऱ्याला मुलांचे कार्यक्रम असतात. तिने दोन मैत्रिणींना धरलं आणि गच्चीवर पाण्याच्या टाकीमागे तालमी सुरू झाल्या.

बातमी फुटल्यावर तिसऱ्या मजल्यावरच्या बाई जिन्यात मला म्हणाल्या, "हे जादूबिदू कशाला? एखादा छान डान्स बसवायचा ना." मी हसले, पण तळपायाची आग मस्तकात गेली होती. मुलीनेही ते ऐकलं. घरी आल्यावर म्हणाली, "आई, लोक हसले ना, तर मी परत कोणाला काही सांगणार नाही. तुला पण नाही." रडून बोलली असती तर मी समजूत काढली असती. ती अगदी शांतपणे म्हणाली, म्हणून मला भीती वाटली.

मग मी ठरवलं, निदान पुस्तक तरी असं करायचं की बघणाऱ्यांचे डोळे विस्फारले पाहिजेत. मी साकीनाक्याला सोफ्याच्या कापडांच्या गाळ्यात ऑर्डरी घेते. तिथे कापडाच्या नमुन्यांची जुनी बाडं पडलेली असतात, त्यातलं सगळ्यात जड बाड उचलून घरी आणलं. लाल रेक्झिन चढवलं, शेजारच्या वर्कशॉपमधून पितळी पत्र्याचे कोपरे कापून घेतले. आत मखमलीची, तागाची, जरीची पानं. एकदम झकास झालं होतं, आणि दोन हातांनीच उचलावं लागायचं.

दसऱ्याच्या सकाळी आम्ही मायलेकी मंडपात रांगोळी काढायला गेलो. घरी सासूबाई होत्या. दसऱ्याची पुस्तकांची पूजा हे त्यांचं खातं. लग्न होऊन मालवणहून आल्यापासून त्यांनी ते कोणाला दिलेलं नाही. आम्ही परत येऊन बघतो तर पाटावर शाळेची पुस्तकं, माझी कात्री, स्क्रू ड्रायव्हर, आणि सगळ्यांच्या मधोमध ते लाल बाड. त्यावर हळदकुंकू, झेंडूचं फूल, आपट्याचं पान.

आमच्याकडे पूजेत ठेवलेलं पुस्तक दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत हलवत नाहीत. नाटक तर त्याच संध्याकाळी. म्हणजे वाट लागली.

"अहो आई, ते खरं पुस्तक नाहीये. सोफ्याची कापडं आहेत ती," मी कपाळाला हात लावून म्हटलं.

"माझ्या नातीचा पुस्तक असा ना? मगे पुजूक नको?" सासूबाई म्हणाल्या. "आता उद्या. आज हात लावूचो नाय."

"घ्या! काळोखाची राणी आपल्याच घरात निघाली," मी पुटपुटले. मुलगी मात्र पाटासमोर बसून नुसती बघत होती. मला वाटलं, आता रडणार. मी बाड उचलायला हात पुढे केला, तर तिने माझा हात धरला.

"नको आई. आजीला ते खरं वाटलंय. राहू दे."

"आणि नाटक?"

"हातात आहे असं करू."

दुसरं काहीतरी कागद चिकटवून बनवते म्हटलं, तर तेही नको. मैत्रिणींना घेऊन गच्चीवर गेली. मी दुपारभर भांडी आपटत होते.

संध्याकाळी ती स्टेजवर आली ती कमरेत थोडी वाकून, दोन्ही हात पुढे करून, जपून पाऊल टाकत. मागून कोणीतरी ओरडलं, "अरे, पुस्तक विसरली वाटतं!" हशा पिकला. पहिल्या रांगेत सासूबाईंच्या शेजारी तिसऱ्या मजल्यावरच्या बाई बसल्या होत्या; त्यांनी मागे वळून माझ्याकडे पाहिलं. मुलगी थांबली नाही. तिने ओढणीने धूळ पुसली, जड पान दोन बोटांनी उलटलं आणि वाचायला लागली. हळूहळू हसणं विरलं. मग काळोखाची राणी पुठ्ठ्याची तलवार घेऊन धावून आली. लढायचं तर हात मोकळे हवेत, म्हणून मुलगी पुस्तक खाली ठेवायला वाकली.

सासूबाई ताडकन उठल्या. "गो चेडवा! पुस्तक जमनीर ठेवू नको!"

एकही जण हसला नाही. मुलीने वाकल्या जागीच पुस्तक परत उचललं, कपाळाला लावलं आणि स्टेजच्या कडेला येऊन म्हणाली, "आजी, तू धर."

सासूबाईंनी दोन्ही हात पसरून ते घेतलं. घेताना त्यांचे हात जरा खाली गेले. मग त्या सावकाश खुर्चीत बसल्या, पुस्तक मांडीवर घेऊन. एवढ्या माणसांसमोर काही नसलेलं कोणाच्या हातात द्यायचं आणि त्या माणसाने ते सांभाळून घ्यायचं, हे माझ्या पोरीने केलं होतं.

स्टेजवर लढाई सुरू झाली. तिसऱ्या मजल्यावरच्या बाईंनी सासूबाईंपुढे पाण्याचा ग्लास धरला.

"जरा थांबा," सासूबाई म्हणाल्या, "माझे हात मोकळे नाय."

बाईंनी ग्लास निमूटपणे आपल्याच हातात धरून ठेवला, आणि नाटक अजून संपलेलं नसताना मी एकटीच टाळ्या वाजवायला लागले.