खालूंचा चार भाषांचा सोहळा

आमच्या खालूंइतके सिनेमे कुणी पाहिले नसतील आणि खालूंइतके ते चुकीचे कुणाला कळले नसतील. हे मी एकटा म्हणत नाही, जेद्द्याच्या बलद भागातली आमची अख्खी इमारत म्हणत असे. खालू म्हणजे माझ्या आईच्या मावसबहिणीचे यजमान. आमच्या कोकणी मुसलमान घरांत मावशीला खाला आणि तिच्या नवऱ्याला खालू म्हणतात. पण मी म्हणतो हे ऐकून इमारतीतले मल्याळी, तमिळ, तेलुगू सगळेच त्यांना खालू म्हणायला लागले, आणि हळूहळू तेच त्यांचं नाव आहे अशी सगळ्यांची समजूत झाली. एकदा त्यांच्या इकाम्यावर, म्हणजे तिथे राहण्याच्या परवान्यावर, भलतंच नाव पाहून तळमजल्यावरचा सेल्वम ड्रायव्हर मला बाजूला घेऊन हळूच म्हणाला होता, "खालू का इकामा नकली है क्या?"

खालू हाजींच्या एका हॉटेलात चादरी, अभ्रे आणि टॉवेलांची कोठी सांभाळत. हर्णैहून मी नोकरीसाठी जेद्द्याला आलो तेव्हा त्यांनीच मला विमानतळावरून आणलं, आपल्या खोलीत खाट टाकून दिली, आणि पहिल्याच संध्याकाळी शेजारच्या वर्गीसच्या खोलीत मल्याळी सिनेमा पाहायला नेऊन बसवलं. जेद्द्यात थिएटर नव्हतं. जो तो व्हिडिओ कॅसेटवर सिनेमे पाही, आणि आमच्या मजल्यावर व्हिडिओ होता फक्त वर्गीसकडे. हा वर्गीस एअरकंडिशनर दुरुस्त करी, अबोल होता, आणि खालूंवर त्याचा फार जीव होता. मल्याळी कॅसेटी त्याच्या स्वतःच्या, तमिळ सेल्वम आणी, तेलुगू वरच्या मजल्यावरचा राव शिंपी. खालूंना या तिन्ही भाषांतलं अक्षर कळत नसे, आणि ते कळावं अशी त्यांची इच्छाही नव्हती. हिंदी सिनेमा लावू म्हटलं की ते तोंड वाकडं करत. "पहिल्या पाच मिनिटांत कळतं रे सगळं. कोण कुणाचा हरवलेला भाऊ, कोण मरणार, कोण गाणार. मग उरलेले अडीच तास बसून करायचं काय?" त्यापेक्षा मल्याळी बरा. तिथे गोष्ट आपली आपण रचता येते. खांद्यावर टॉवेल टाकून, मांडी घालून, पडद्याच्या इतक्या जवळ बसत की मागच्यांना अर्धा हिरोच दिसे. एखादं पात्र आलं की लगेच त्याचं नातं जाहीर करत: "हा तिचा मामा. वाईट नाहीये, फक्त मिश्या मोठ्या आहेत." थोड्या वेळाने तो मामा तिच्याशी लग्न लावून मोकळा होई, तरी खालू डगमगत नसत. "त्यांच्यात चालतं," म्हणत. एकदा एका सिनेमात हिरो आईच्या पाया पडून होडीत बसला आणि आई किनाऱ्यावर रडत राहिली. खालूंनी टॉवेल डोळ्यांना लावला आणि हुंदके द्यायला लागले. वर्गीस घाबरून म्हणाला, "खालू, वो मरी नहीं. दुबई गई." खालू म्हणाले, "तेच ना रे बाबा!" आणि दुप्पट रडले.

वर्गीसकडे एक जुनं मासिक होतं. त्यात मद्रासला दरवर्षी होणाऱ्या एका मोठ्या समारंभाचे फोटो होते. मल्याळी, तमिळ, तेलुगू आणि कानडी, चारही भाषांच्या सिनेमांना तिथे एकाच स्टेजवर बक्षिसं देतात, हे वर्गीसने समजावून सांगितलं तेव्हा खालू बराच वेळ त्या फोटोकडे बघत बसले. मग म्हणाले, "चार भाषा एका स्टेजवर, आणि कुणाचं कुणाशी भांडण नाही. मग हे आपल्याकडे का नाही?" आपल्याकडे म्हणजे आमच्या इमारतीत. झालं. त्या हिवाळ्यापासून दरवर्षी एका शुक्रवारी, जुम्याची नमाज आणि बिर्याणी आटोपली की दुपारी गच्चीवर हा समारंभ व्हायला लागला. हॉटेलातल्या बाद झालेल्या चादरी जोडून पडदा करत. बक्षीस म्हणून जुन्या बाजारातले कहवा ओतायचे पितळी दल्ले ठेवलेले असत. समारंभ संपला की खालू ते सगळ्यांकडून परत घेत आणि पुढच्या वर्षासाठी पुसून ठेवत. खरे नट-नट्या जेद्द्याला येणं शक्य नव्हतं, म्हणून त्यांच्या वतीने आमच्यापैकी कुणीतरी बक्षीस घ्यायचं आणि दोन शब्द बोलायचे, असा नियम होता. उत्कृष्ट अभिनेत्रीचं बक्षीस राव शिंप्याने लागोपाठ घेतलं. पहिल्या वर्षी तो लाजला, पुढे मात्र त्या दिवशी गुळगुळीत दाढी करून आणि अत्तर लावून यायला लागला. कानडी माणूस काही इमारतीत मिळाला नाही. तेव्हा कानडीचे परीक्षक स्वतः खालू झाले, कारण तरुणपणी ते काही महिने हुबळीला एका बेकरीत होते. कानडी कॅसेटही कुठे मिळत नसे. तरी त्यांनी कानडीचं बक्षीस एकदाही चुकवलं नाही. न पाहताच देत. "बक्षीस दिल्याने कुणाचं वाईट होत नाही," म्हणत.

मग ते लढाईचं वर्ष आलं. ऑगस्टमध्ये इराकचं सैन्य कुवेतमध्ये शिरलं आणि त्या दिवसापासून आमच्या इमारतीत कुणाला काहीच कळेनासं झालं. अमेरिकन फौजा आल्या म्हणे. कशाला आल्या? कुवेत सोडवायला. मग त्या सौदीत का उतरल्या? सेल्वम रोज बंदरावरून एक नवी बातमी आणी आणि ती आदल्या दिवशीच्या बातमीच्या बरोबर उलट असे. कुणी म्हणे खिडक्यांना चिकटपट्ट्या लावा, कुणी म्हणे ओले टॉवेल लावा. टॉवेल म्हटल्यावर सगळी इमारत खालूंच्या कोठीवर येऊन धडकली. कुणाच्या कफीलने, म्हणजे ज्याच्या नावावर व्हिसा त्या अरब मालकाने, विषारी वायूपासून वाचायचे मुखवटे दिले, कुणाच्या कफीलने पासपोर्टही दिले नाहीत. खालू टीव्हीवरच्या अरबी बातम्या अगदी सिनेमासारख्या पाहत आणि आम्हाला समजावत: "हा टोपीवाला आहे ना, तो मधे पडतोय. तो मिटवणार बघ." तो टोपीवाला हवामानाचा अंदाज सांगत होता, हे रावने दाखवून दिलं. "मग तर नक्कीच मिटवणार," खालू म्हणाले. "तोंड बघ किती शांत आहे!" जानेवारीत रियाधवर क्षेपणास्त्रं पडायला लागली तेव्हा मात्र त्यांनीही टीव्ही बंद केला.

या सगळ्यात वर्गीसवर खरंच आभाळ कोसळलं होतं. त्याचा धाकटा भाऊ कुवेतमध्ये एका दुकानात होता. बाकीचे भारतीय जॉर्डनच्या वाटेने मायदेशी पोहोचले, पण त्याचा पत्ता लागला नाही. आपल्या गावी तो पोहोचला नव्हता. त्याच्याबरोबरचे जे पोहोचले, त्यांतला एक म्हणे तो दुकानातच राहिला, दुसरा म्हणे आमच्याबरोबर निघाला होता. वर्गीसने एका संध्याकाळी एवढंच सांगितलं, "मेरा बाई कुवैत में रह गई, खालू," आणि त्यानंतर तो जवळजवळ बोलेनासाच झाला. व्हिडिओवर कापड टाकून ठेवलं. खालूंनी त्याची जी काळजी घेतली ती सख्ख्या बापाने घेतली नसती. रोज त्याच्या दाराशी जेवणाचा डबा ठेवत. त्याच्याशी बोलताना मान खाली घालत. आणि मला एक विचित्र गोष्ट बजावली: "हे बघ, वर्गीससमोर बायकोबियकोचा विषय काढू नकोस." तेव्हा माझ्या लग्नाची बोलणी चालली होती, आणि वर्गीस बिनलग्नाचा. त्याला वाईट वाटेल म्हणून सांगत असतील, असं मी समजलो.

समारंभ करायचा की नाही यावर इमारतीत वाद झाला. राव म्हणाला, लढाई चालू असताना गच्चीवर गर्दी नको. सेल्वम म्हणाला, पोलीस विचारतील. मी म्हणालो, वर्गीसचं दुःख डोळ्यांसमोर असताना हे बरं दिसेल का? खालू माझ्यावर एकदम चिडले. "त्याच्यासाठीच करायचाय ना! किती महिने झाले, तो माणसात नाही. एक दिवस तरी वर उन्हात येऊन बसू दे." समारंभ ठरला.

फेब्रुवारीतला शुक्रवार होता. हवा छान होती. गच्चीवर चादरी लागल्या, दल्ले मांडले. वर्गीस आला आणि कोपऱ्यात उकिडवा बसला. तमिळचं बक्षीस झालं, कानडीचं नेहमीसारखं न पाहता झालं. मग खालू उठले, घसा साफ केला आणि म्हणाले, "इस साल का सबसे अच्छी हीरोइन का इनाम... वर्गीस को!" राव अत्तर लावून पुढे सरकला होता तो जागच्या जागी थांबला. वर्गीस गोंधळून उभा राहिला. खालूंनी दल्ला त्याच्या हातात दिला आणि भाषण सुरू केलं. त्यात घर होतं, चूल होती, दूर देशी राहणाऱ्या मर्दाचा सब्र होता, आणि अल्लाने जोडी बनवली की तो ती तोडत नाही, असं पुन्हा पुन्हा होतं. आम्ही एकमेकांकडे बघत होतो. शेवटी खालू गहिवरून म्हणाले, "तेरी बाई जरूर वापस आएगी, बेटा!"

तेवढ्यात भोंगा वाजला.

तो नुसता चाचणीचा भोंगा होता, हे नंतर कळलं. त्या क्षणी मात्र आम्ही सगळे जिन्याकडे धावलो. चादरीचा पडदा कुणाच्या तरी पायात अडकून आमच्याबरोबर खाली आला. अंधाऱ्या जिन्यात सगळे एकमेकांना चिकटून बसलो, मुखवटे दोनच, आणि ते प्रत्येकजण दुसऱ्याला देत होता. सेल्वमने त्यातला एक उलटा लावला. कुणी कलमा म्हणत होतं, राव कुठल्याशा देवाचं नाव घेत होता. अशा त्या गडबडीत वर्गीसचा आवाज आला.

"खालू, कौन बाई?"

"अरे, तुझी. कुवेतमधली," खालू मराठीतच बोलून गेले, मग म्हणाले, "तेरी औरत."

"मेरा औरत नहीं है. मेरा शादी ही नहीं हुई. मेरा बाई! चोटा बाई! मेरा अम्मा का दूसरा लड़का!"

वर भोंगा वाजतच होता. वर्गीसला 'भ' म्हणता येत नसे, आणि त्याच्या हिंदीत मरणारा, जाणारा, येणारा प्रत्येकजण स्त्रीलिंगी असे, हे आम्हा सगळ्यांना माहीत होतं. पण खालूंनी ऑगस्टपासून त्याच्या बायकोची काळजी वाहिली होती. परक्या बाईची चौकशी कशी करायची म्हणून एकदाही काही विचारलं नव्हतं. पाचही नमाजांत तिच्यासाठी दुवा मागितली होती. "म्हणजे मी इतके महिने..." ते पुटपुटले, "भलत्याच बाईसाठी..."

आणि वर्गीस हसला. आधी नाकातून आवाज आला, मग तो खदखदून हसायला लागला, सेल्वम मुखवट्याच्या आतून हसला, आम्ही सगळेच हसलो. हसता हसता वर्गीसचं हसणं कधी फुटलं ते कळलं नाही. तो खालूंच्या खांद्यावर डोकं ठेवून मोठ्याने रडला. इतक्या महिन्यांत पहिल्यांदाच. मल्याळीत भावाबद्दल काहीबाही बोलत राहिला. खालू त्याच्या पाठीवरून हात फिरवत होते आणि त्यांना न समजणाऱ्या प्रत्येक वाक्याला "हो बाबा, हो" म्हणत होते. भोंगा थांबला तरी आम्ही जिन्यातच बसून राहिलो.

लढाई संपली. काही आठवड्यांनी कोपऱ्यावरच्या दुकानात वर्गीससाठी फोन आला. भाऊ जिवंत होता. एका कुवेती कुटुंबाने त्याला तळघरात लपवून ठेवलं होतं. वर्गीसला बोलता येईना, म्हणून खालूंनी रिसीव्हर घेतला आणि त्या कधी न पाहिलेल्या मुलाला विचारलं, "बेटा, खाना खाया?"

त्यानंतर ते दुकानातून हलेनात. मला म्हणाले, "जरा हर्णैच्या पोस्टात फोन लाव. खालाला बोलावून घे." खालू दोन वर्षांतून एकदा घरी जात आणि मधल्या काळात फोन म्हणजे कुणाच्या तरी मयताची बातमी, असा घरच्यांचा अनुभव होता. खाला धावत आली असावी, तिचा श्वास मला ऐकू येत होता.

"काय झालं?"

"काही नाही," खालू म्हणाले.

"मग कोण गेलं?"

"कुणी नाही गेलं. तू बरी आहेस ना?"

मग खाला पोस्टमास्तरांना म्हणाली, "यांना काय हवंय ते जरा तुम्हीच विचारा," आणि फोन त्यांच्या हातात दिला. खालूंनी पोस्टमास्तरांचीही तब्येत विचारली, आणि रिसीव्हर ठेवला.

हजचा मोसम आटोपला तसा त्यांनी राजीनामा दिला आणि कायमचं निघायचं ठरवलं. सेल्वमच्या गाडीतून मी आणि वर्गीस त्यांना विमानतळावर सोडायला गेलो. सामान वजन करून घेईपर्यंत ते गर्दीत दिसेनासे झाले. शोधत गेलो तर भलत्याच रांगेत उभे. पुढे मागे लुंग्या, खोकी, ब्लँकेटांची गाठोडी, आणि मल्याळीत चाललेला एकच कलकलाट. खालू त्या सगळ्यांच्या मधे उभे राहून एका म्हाताऱ्याचं बोलणं लक्ष देऊन ऐकत होते आणि मान डोलवत होते.

"खालू," मी म्हणालो, "ही त्रिवेंद्रमची रांग आहे. मुंबईची पलीकडे."

"माहीत आहे रे," ते म्हणाले. "असू दे. विमानाला वेळ आहे अजून."