गिझरला ठिबकचं ॲसिड

आमच्या शहाद्याच्या घरात गुरगुरणारे दोघे होते : गिझर आणि आप्पा.

आप्पा म्हणजे माझे वडील. आई गेल्यावर प्रकाशा या आमच्या गावी एकटेच राहत. वर्षभर मिनतवाऱ्या करून मी त्यांना कसंबसं इकडे आणलं. चौथ्या दिवशी, गुरुवारी, ते आंघोळीला बसले आणि डोक्यावरून आवाज आला : घर्र... खुडखुड... ठॉक! आप्पा पंचा गुंडाळून, साबणासकट बाहेर!

"त्या डबामा कोन शे रे?"

"कोन्ही नही, आप्पा. पानी तापी ऱ्हायनं."

"मन्ही जिंदगी गयी चुल्हावर पानी तापाडामा. पानी कधी शिव्या देत नही! हाऊ आवाज बंद व्हयना नही, ते मी रविवारले गावले जासू!"

म्हणजे माझ्याकडे तीन दिवस होते.

माझी बायको शिक्षिका आहे. एरवी घरात अहिराणी बोलते. संतापली की थेट शाळेतलं मराठी! ती म्हणाली, "आपण मेकॅनिकला बोलावणार आहात, की मी बोलावू?"

(ती मला 'आपण' म्हणाली की शेजारीसुद्धा खिडक्या लावून घेतात.)

पण मेकॅनिक कशाला? माझं ठिबक सिंचनाच्या सामानाचं दुकान! अर्धा तालुका मला विचारून पाइप टाकतो! मी स्क्रूड्रायव्हरचं टोक गिझरला आणि मूठ कानाला लावली. शेतातली मोटर आम्ही अशीच तपासतो. निदान झालं : स्क्रू ढिले. सगळे आवळले. आवाज वाढला! मग वाटलं, भिंत थरथरते. गिझरच्या मागे सायकलच्या जुन्या ट्यूबचे तुकडे कोंबले. आता तो ढोलासारखा घुमू लागला. आप्पांनी पिशवी भरायला घेतली. मी गिझरला अशी शिवी हासडली, की आत बायकोच्या हातून वह्यांचा गठ्ठा पडला.

शनिवारी डोक्यात प्रकाश पडला. आमचं बोअरचं पाणी! गिझरच्या टाकीत क्षार बसला असणार. (निदान अगदी अचूक होतं, हे कृपया नोंदवून ठेवा. यापुढे माझ्या बाजूने बोलण्यासारखं काहीही येणार नाही.)

आता केळीच्या बागेत ठिबकची नळी क्षाराने तुंबली की आम्ही काय करतो? ॲसिड सोडतो! वीज बंद केली, टाकी रिकामी केली, वरचा पाइप काढून नरसाळं लावलं आणि दुकानातला कॅन ओतला. गिझर फसफसला, फुत्कारला, धुरकटला.

"आत काय चाललंय आपलं?" बायको दाराबाहेरून ओरडली.

"इलाज!" मी खोकत ओरडलो.

तासाभराने टाकी चार वेळा धुतली. पांढरा लगदा निघाला, चकचकीत नळ काळा पडला, पण पाणी तापवलं तर आवाज बंद! पूर्ण बंद! मी बटण बंद करून ऐटीत आप्पांना आत पाठवलं. दोन मिनिटं मी तालुक्यातला सर्वांत हुशार माणूस होतो.

तिसऱ्या मिनिटाला बूड फुटून अख्खी टाकी आप्पांच्या डोक्यावर रिकामी झाली. नशीब, पाणी कोमटच होतं. आप्पा कोमट नव्हते.

शेवटी मेकॅनिक आला. तो शेतीही करतो, ठिबक माझ्याकडूनच नेतो. त्याने टाकीत बॅटरी मारली.

"भाऊ, टाकी कव्हयनीच सडेल व्हती. क्षारनीच धरी ठेयेल व्हती. कोनी काढा क्षार?"

मी काळ्या नळाकडे बघत राहिलो.

"आपणच सांगा," बायको म्हणाली.

ऐकून तो कपाळावर हात मारून म्हणाला, "आन् माले तुम्हीच सांगं व्हतं ना, भाऊ, जुना सामानमा ॲसिड सोडानं नही?"

रविवारी सकाळी आप्पा पिशवी घेऊन दारापुढच्या ओट्यावर उभे. माझा तोल गेला.

"जा! तठे एकला बठा! दुखनं-खुपनं व्हयनं, ते पानी कोन देई तुमले?" ओरडता ओरडता माझा आवाज फाटला.

"वरडू नको!" आप्पा त्याहून जोरात ओरडले. "पिशवी ठेवाले जागा देखी ऱ्हायनू मी! मी गवू, ते हाई सून बिचारी शाया करी, का तुन्हावर ध्यान ठेवी?"

त्यांनी मागच्या अंगणात तीन विटा मांडून चूल पेटवली. तेवढ्यात प्रकाशाहून फोन आला. परत कधी येता, म्हणून कुणी विचारत होतं. आप्पा गल्लीला ऐकू जाईल एवढ्या आवाजात म्हणाले, "आते नही जमाव, भो. पोऱ्या बावन्न वरीसना व्हयना, पन त्याले घरमा एकला सोडासारखं नही!"

मी शेजारीच बसून चूल फुंकत होतो. आप्पांच्या मते, फुंकणी उलटी धरून.