‘पो. ख.’ आणि डोक्यावरची माती

माझे काका धारवाडच्या कचेरीत कारकून. जमिनीच्या कागदांवरची सगळी आद्याक्षरं त्यांना तोंडपाठ. स. नं. म्हणजे सर्व्हे नंबर, पो. ख. म्हणजे पोटखराब, पिकाला निरुपयोगी म्हणून सारा माफ असलेली जागा. अप्पा, माझे वडील, गेले आणि वर्षाच्या आतच काका आमच्या ओसरीवर येऊन आईला म्हणाले, "वहिनी, ओढ्याकाठची पट्टी कागदावर पो. ख. आहे. ती आम्हा भावांच्या वाटणीत धरलीच नव्हती. आता घरात कर्ता मी एकटा, तेव्हा ती माझ्याकडे."

निरुपयोगी म्हणे! रायापूरच्या त्या शेतात वरची सगळी जमीन मसारी, म्हणजे तांबडी, खडकाळ. खालच्या पट्टीत मात्र ओढ्यानं वर्षानुवर्षं गाळ आणून टाकला होता, म्हणून ती एरी झाली होती. काळ्या मातीला आम्ही मराठी बोलतानाही हाच कानडी शब्द वापरायचो. आमचा वर्षाचा जोंधळा त्या एरीतूनच यायचा. मी नुकतीच मुलींच्या शाळेत शिकवायला लागले होते, पण त्या पगारात दोघींचं भागणं शक्यच नव्हतं. पट्टी गेली की आईनं काकांच्या चुलीपुढे राबायला जायचं. हे आईला दिसत होतं आणि काकांनाही.

वाटणी झाली होती तोंडी. नकाशात दोघा भावांचं मिळून एकच शेत, मधे रेघ नाही. शेवटी पंचांनी जुना उपाय काढला. शेतातलंच ढेकूळ डोक्यावर घेऊन हद्द चालून दाखवायची, आणि पावलं पडतील तिथे दगड पुरायचे. माती डोक्यावर असताना खोटं चाललं तर लेकरंबाळं उरत नाहीत, अशी तिकडे सगळ्यांची पक्की समजूत. दोन मुलांचे बाप असूनही काका लगेच कबूल झाले. चालायचं बाप्यामाणसानं, आणि आमच्याकडे होतं कोण? आमच्या बाजूनं कोणी चाललं नाही की पट्टी आपोआप त्यांची. माझा असा संताप झाला होता म्हणता!

ठरल्या दिवशी सकाळी पंच बांधावर बसले. "तुमच्याकडून कोण?" थोरल्या पंचांनी विचारलं.

"मी," आई म्हणाली.

आलवणातली विधवा हद्द चालणार! "ब्याड अव्वा, नको," म्हणत पंच उठलेच. काका हसले. "वहिनी, पो. ख. म्हणजे काय, ते तरी ठाऊक आहे का?"

"नाही हो भाऊजी. पण वाटणीच्या दिवशी हे चालले, त्यांच्या पुढे तुम्ही होतात आणि मागे मी. तेवढं ठाऊक आहे."

काकांचं हसू गेलं. पंच परत खाली बसले.

आईनं ढेकूळ डोक्यावर ठेवलं आणि कमरेएवढ्या जोंधळ्यात शिरली. शेतातल्या चिंचेपाशी आली आणि चक्क तिच्या अलीकडून वळली! झाड गेलं की काकांच्या बाजूला! माझ्या जन्मापासून ती चिंच आम्ही झोडत होतो. "आई, अगं चिंच आपली!" मी ओरडले. तिनं मान वळवली नाही. मला रडू फुटलं. घर वाचवायला आलेली बाई हातचं झाड देऊन मोकळी झाली, आता पट्टी तरी कशाला ठेवते, असं वाटलं.

आई उताराला लागली. ओढ्यापर्यंत सरळ गेली, सगळी एरी आमच्या अंगाला ठेवून. मग परत आली.

थोरले पंच एकदा चिंचेकडे, एकदा आईकडे बघत होते. दरसाल आम्हाला ती चिंच उतरवताना त्यांनी पाहिलं होतं; खोटं चालणारी बाई हातचं झाड कशाला सोडेल?

"बाईमाणसाचं चालणं मी मानत नाही!" काका ओरडले.

आईनं ढेकूळ उतरवलं. कपाळावर घाम आणि माती एक झाली होती. तिनं ते काकांपुढे धरलं.

"बरं. मग भाऊजी, तुम्ही चाला."

काकांनी हात पुढे केला, आणि ढेकळाला न लावताच धोतराला पुसला.

आईच्या पावलांवर दगड पुरायला पंचांनी पहार मागवली.