आवाज मागे ठेवून आलेली नटी

अमेरिकेत आमच्या ट्रॉय शहरातल्या लायब्ररीत एका दुपारी जुना मूकपट दाखवणार होते, म्हणून मी आईला घेऊन गेलो. ती गावाहून चार महिन्यांसाठी आली होती. तिला इंग्रजी येत नाही, मराठीही वाचता येत नाही, त्यामुळे इथे प्रत्येक गोष्टीत तिला माझी गरज लागायची. निदान दोन तास तरी तिने माझ्याशिवाय काही बघावं, एवढीच माझी इच्छा होती.

सुरुवातीला लायब्ररीतल्या बाईंनी सांगितलं, की या मूकपटातली डेन्मार्कची नटी आधी रंगभूमीवर होती आणि तिथे तिचं नाव झालं ते आवाजामुळे. मी ते आईला सांगितलं.

“मग आवाज नसताना हिने काय केलं असेल?” आईने विचारलं.

पडद्यावर संवाद लिहिलेली इंग्रजी पाटी आली आणि मी तिच्या कानात मराठीतून सांगू लागलो. शाळेत असल्यापासून घरी आलेलं प्रत्येक पत्र मीच तिला वाचून दाखवत आलोय. तिसऱ्या पाटीला तिने माझ्या गुडघ्यावर हात ठेवला.

“गप बस की. तू सांगतोस तोवर तिच्याकडे बघायचं राहून जातं.”

मीही पडद्याकडे बघू लागलो. नटी आमच्याकडे पाठ करून खिडकीशी उभी राहिली. मला काहीच कळेना.

“गेला तिचा माणूस. आता येत नाही,” आई म्हणाली.

मग पाटी आली. तिच्यावर तेच लिहिलं होतं.

“तुला कशावरून कळलं गं?”

“खांदे बघ की तिचे,” आई पडद्यावरची नजर न काढता म्हणाली.